जिनिंगमध्ये केबल ट्रेला कव्हर कुठे लावायचं आणि पॅनलचा डबा कोणता घ्यायचा?

बोदवडचा_जिनवाला

राम राम मंडळी. बोदवड तालुक्यात २४ डबल रोलर जिन आणि एक प्रेस असं युनिट आहे. हंगामाच्या आत वायरिंग नव्याने करायचं ठरलंय. जिनहॉलमध्ये ३०० मिमी रुंद, ५० मिमी उंच परफोरेटेड ट्रे साधारण ६० मीटर आहे, जिनच्या रांगेच्या वर साडेचार मीटर उंचीवर. तोच ट्रे भिंतीतून बाहेर निघून मेन पॅनलपर्यंत ४० मीटर उघड्यावर जातो, त्यात दोन आडवे बेंड. प्रेसहॉलकडे वेगळा फाटा भिंतीतून जातो. केबल सगळ्या ॲल्युमिनियमच्या, आर्मर्ड (बाहेरून लोखंडी कवचाच्या), एक्सएलपीई (जास्त उष्णता सोसणाऱ्या इन्सुलेशनच्या). बाहेरच्या ट्रेवर सहा केबल एकमेकींना चिकटून आहेत.

ठेकेदार म्हणतो की आत-बाहेर सगळीकडे १ मिमी जीआय पत्र्याचं सपाट कव्हर टाकू आणि सेल्फ-टॅपिंग स्क्रूने पक्कं करू. सक्शन फॅनच्या १५ किलोवॅट व्हीएफडीसाठी (मोटरचा वेग बदलणारा ड्राइव्ह) १२०० × ८०० × ३०० मिमीचा आयपी ६५ डबा तो जिनहॉलच्या भिंतीवरच लावणार आहे, दाराला एक पंखा बसवून.

उडणारी रुई, मे महिन्यातलं ४५ अंश तापमान, आणि जून ते ऑक्टोबर युनिट बंद असताना उंदीर-पाली, हे तिन्ही धरून सांगा. हे बरोबर आहे का?

केबलट्रे_धुळे

भाऊ, ट्रेचं सांगतो, पॅनलचं दुसरं कोणी सांगेल. कव्हर सगळीकडे लावू नका. बाहेर लावा, आत लावू नका.

आतलं कारण आधी. परफोरेटेड ट्रेला खालून भोकं असतात. वर झाकण टाकलं तरी रुई खालून आणि जोडातून आत शिरतेच, आणि एकदा शिरली की झाडता येत नाही. उघड्या ट्रेवरची रुई दिसते, आठवड्याला साफ होते. झाकणाखालची महिनोन्‌महिने साचत राहते आणि तिच्याच खाली गरम केबल असते. एखादा जॉइंट ढिला होऊन ठिणगी पडली तर ती रुई वातीसारखी जळत ट्रेच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाते, आणि बाहेरून धूर दिसेपर्यंत कळत नाही.

जिनहॉलमध्ये करायचं असेल तर ट्रे आडवा न ठेवता उभा ठेवा, म्हणजे ३०० मिमीची बाजू भिंतीला समांतर. केबल तळाला चिकटवून क्लीट (केबल धरणारी पकड) किंवा स्टेनलेस स्टीलच्या टायने दर ३०० ते ४५० मिमीवर बांधा. उभ्या ट्रेवर रुई बसायला जागाच फार थोडी राहते आणि झाडू किंवा व्हॅक्यूमची नळी सहज फिरते. धुळीच्या कारखान्यांत हीच पद्धत वापरतात. शक्य असेल तर परफोरेटेडऐवजी लॅडर (शिडीसारखा) ट्रे घ्या, त्यात साचायला तळच नसतो. साफ करताना कॉम्प्रेसरची हवा मारू नका. रुई हॉलभर उडते आणि नको त्या जागी जाऊन बसते.

जिनजवळ केबल खाली उतरते तिथे मात्र संरक्षण हवं. जमिनीपासून दोन मीटरपर्यंत जीआय पाइप किंवा बंद डक्ट द्या, नाहीतर ट्रॉली आणि फावडं आर्मरपर्यंत पोचतात. पाइपचं वरचं तोंड सीलंटने बंद करा.

आता बाहेरचे ४० मीटर. इथे कव्हर हवंच. उन्हामुळे केबलच्या आवरणाला तडे जातात, शिवाय उन्हात तापलेली केबल कमी करंट नेते. पण सपाट कव्हर नको. मधे उंच, दोन्ही बाजूंना उतार असं घ्या आणि ट्रेच्या कडेपासून ५० मिमी उचलून बसवा. असं उचललेलं कव्हर मिळतं, त्याला उंच क्लॅम्प लागतात. सावली पडते, पाणी ओघळतं आणि बाजूने वारा फिरतो.

वारा का महत्त्वाचा, ते आकड्यांत बघा. एक्सएलपीई केबलचा करंट ४० अंश हवेला दिलेला असतो. ५० अंश धरले तर ०.८९ ने गुणा. सहा केबल चिकटून एका थरात असतील तर ०.७६. दोन्ही मिळून ०.६८, म्हणजे १०० अँपिअरची केबल ६८ ची झाली. त्यावर घट्ट बंद कव्हर सलग १.८ मीटरपेक्षा जास्त लांब असेल तर अमेरिकन कोडप्रमाणे आणखी ०.९५, म्हणजे ६४. उचललेल्या कव्हरला हे शेवटचे पाच टक्के वाचतात. पीव्हीसी केबल असती तर ५० अंशाला ०.८२ आणि शेवटी ५९ उरले असते. नवीन केबल घेताना तुमच्या ठेकेदाराला हा गुणाकार कागदावर मागा.

स्क्रूचं तर सरळ नाही म्हणा. सेल्फ-टॅपिंगचं टोक आत १० ते १५ मिमी शिरतं. ५० मिमी उंच ट्रेच्या कडेला केबल टेकलेली असेल तर टोक आवरणात जातं, आणि पावसाळ्यात आर्मरला पाणी लागून सहा महिन्यांनी मेगर (इन्सुलेशनच्या रोधाचा आकडा) खाली येतो. कव्हर क्लॅम्पच वापरा.

साईट_सुपरवायझर

केबलट्रे भाऊ, उघड्या ट्रेत उंदीर चढतात आणि केबल कुरतडतात. म्हणून आम्ही सगळीकडे बंद कव्हर देतो. आर्मर्ड असली तरी आवरण खातातच. आतसुद्धा कव्हर असावं असं माझं मत आहे.

केबलट्रे_धुळे

दादा, उंदरासाठी कव्हर म्हणजे उलट घर होतं. बंद, उबदार, अंधारी जागा आणि वर मऊ रुई. परफोरेटेड ट्रेच्या भोकांतून उंदीर शिरत नसेल, पण ट्रेचं टोक, बेंडचा जोड आणि भिंतीचं छिद्र यांतून शिरतोच. पूर्ण बंद डक्ट करायचा असेल तर तळही भोकं नसलेला हवा, प्रत्येक जोडाला गॅस्केट आणि दोन्ही टोकांना एंड प्लेट. तेवढं केलं तर चालेल, पण मग करंट आणखी कमी धरा आणि दर दहा मीटरवर उघडता येईल असा तुकडा ठेवा. अर्धवट बंद करण्यापेक्षा उघडा आणि झाडता येणारा ट्रे बरा.

पॅनलशॉप_जळगाव_एमआयडीसी

पॅनलवर येतो. आयपी ६५ मध्ये पहिला ६ म्हणजे धूळ अजिबात आत नाही, दुसरा ५ म्हणजे पाण्याच्या झोताला टिकतो. आता दाराला भोक पाडून पंखा बसवला की तो डबा आयपी ६५ राहत नाही. पंख्याची जाळी आणि फिल्टर जेवढ्याला टेस्ट केलेले असतील तेवढाच तो डबा, साधारण आयपी ५४. दारावर मीटर, पुशबटण, दिवा लावला तरी त्या वस्तूची रेटिंग आणि तिचं गॅस्केट बघावं लागतं. सर्टिफिकेट कोऱ्या डब्याचं असतं, तुमच्या भोकं पाडलेल्या डब्याचं नसतं. ईआरडीए वडोदरा किंवा सीपीआरआय या तपासणी प्रयोगशाळांचा टेस्ट रिपोर्ट मागा आणि त्यावर मॉडेल, आकार तुमच्याशी जुळतो का ते पाहा.

जिनहॉलमध्ये पंख्याचा फिल्टर रुईने काही दिवसांत बंद पडतो. मग उष्णता आतच. हिशेब असा. १५ किलोवॅट व्हीएफडीचा तोटा साधारण ३ टक्के, म्हणजे ४५० वॅट. भिंतीवरच्या डब्याचं उष्णता सोडणारं क्षेत्रफळ काढायचं सूत्र: १.४ × रुंदी × (उंची + खोली) + १.८ × खोली × उंची. तुमच्या मापांनी (मीटरमध्ये उंची १.२, रुंदी ०.८, खोली ०.३) १.६८ + ०.६५, म्हणजे सुमारे २.३३ चौरस मीटर. रंगवलेला पत्रा दर चौरस मीटरला दर अंशाला साधारण ५.५ वॅट सोडतो. ४५० ला १२.८ ने भागा, ३५ अंश. बाहेर ४५ असेल तर आत ८०. व्हीएफडी साधारण ४० अंशापर्यंत पूर्ण क्षमतेचा, ५० पर्यंत घटवून. म्हणून बंद आयपी ६५ डब्यात तो चालणार नाही. एमसीबीसुद्धा ३० अंशाला कॅलिब्रेट केलेली असते, ती गरम डब्यात आपल्या आकड्याच्या आधीच पडते, आणि मग लोक मोठी एमसीबी बसवतात. ते चुकीचं आहे, केबलचं संरक्षण जातं.

पंखा लावून काय होतं? हवा किती लागेल ते ३.१ × वॅट ÷ अंशांचा फरक. ५ अंश फरक हवा असेल तर ३.१ × ४५० ÷ ५, सुमारे २८० घनमीटर तासाला, तेही फिल्टर बसवून मिळालं पाहिजे. फिल्टरमुळे हवा कमी होते, म्हणून पंखा ४०० च्या आसपासचा घ्या. पण पंखा बाहेरच्या हवेपेक्षा थंड करू शकत नाही. ४५ ला आत ५० च राहील. व्हीएफडी एक साइज वर, १८.५ किलोवॅटचा घ्या.

पॅनल एसी लावायचा म्हटलं तर आत ३५ ठेवायला ४५० वॅट आणि पत्र्यातून शिरणारे १२८ वॅट, मिळून ५८० वॅट थंडावा लागतो. घेताना ४५ अंश हवेला एसीची क्षमता किती, ते कॅटलॉगमध्ये पाहा, ३५ अंशाचा आकडा नको. एसीचा बाहेरचा भागही रुईने बंद होतो. तेव्हा तेच परत.

माझं सरळ म्हणणं: पॅनल जिनहॉलमध्ये ठेवूच नका. जवळच्या वेगळ्या खोलीत ठेवा, खोलीत बाहेरून गाळलेली हवा थोडी जास्त ढकला म्हणजे रुई आत येणार नाही. हॉलमध्ये फक्त पुशबटण स्टेशन ठेवा, डायकास्ट ॲल्युमिनियमचं, बंद. जिथे तंतू कायम उडतात ती जागा ज्वलनशील तंतूंचा झोन ठरू शकते, आणि त्यासाठी आयईसी ६००७९ या आंतरराष्ट्रीय मानकात आयआयआयए (IIIA) गट आहे. साधा आयपी ६५ म्हणजे त्या झोनचं उपकरण नव्हे, कारण त्यात पृष्ठभागाचं तापमान तपासलेलं नसतं. झोन आखायचं काम जाणकार माणसाकडून करून घ्या आणि लायसन्स असलेल्या ठेकेदाराकडून विद्युत निरीक्षकाची परवानगी वेळेत मिळवा.

बोदवडचा_जिनवाला

खूप उपयोग झाला. पूर्व भिंतीला लागून १० बाय १२ फुटांची रिकामी खोली आहे, फॅनपासून २५ मीटरवर. तिथे पॅनल नेतो. आता तीन गोष्टी सांगा. बाहेरच्या कव्हरचं सामान किती मागवू? भिंतीतली छिद्रं कशी बंद करू? आणि डबा घेताना पत्रा, रंग, गॅस्केट काय मागू?

केबलट्रे_धुळे

सामान असं लागेल. ट्रेचा तुकडा २.५ मीटरचा, म्हणून ४० मीटरला १६ कव्हर. दोन बेंडचे दोन बेंड कव्हर वेगळे, सरळ तुकडे कापून जोडू नका, तिथेच पाणी गळतं. उघड्यावर २.५ मीटरला सहा क्लॅम्प धरा, १६ ला ९६, बेंडला प्रत्येकी चार, म्हणून १०४. पडतील, हरवतील, ११५ मागवा. जोडांना ५० मिमी पट्टी. मे-जूनमधल्या वादळवाऱ्यात रावेर-यावलच्या केळीच्या बागा आडव्या होतात, तोच वारा तुमच्या कव्हरलाही लागणार आहे. चार क्लॅम्पवर भागवू नका.

पत्रा १ मिमी नको. १ मिमी पत्रा हॉट डिप गॅल्व्हनायझिंगच्या साधारण ४५० अंशांच्या कढईत वाकतो, मग कव्हर ट्रेवर बसतच नाही. हॉट डिप हवं असेल तर १.६ मिमी घ्या. २५ मिमी बाहेर निघणारा उतार आणि काठ धरून ३०० मिमी ट्रेचं कव्हर उलगडून ३८० मिमी येतं, म्हणजे २.५ मीटरचा तुकडा सुमारे १२ किलो. दोन माणसांनी चढवायचं. हलकं हवं असेल तर १.२ मिमी प्री-गॅल्व्हनाइज्ड, पण जस्त २७५ जीएसएमचं (चौरस मीटरला ग्रॅम) मागा. तो आकडा दोन्ही बाजू मिळून असतो, म्हणजे एका बाजूला सुमारे २० मायक्रॉन. १२० जीएसएममध्ये एका बाजूला जेमतेम ८ ते ९ मायक्रॉन असतात, बाहेर दोन-चार पावसाळ्यांत गंज धरतो. कापलेल्या कडेला झिंक-रिच पेंट लावा, दोन हात.

उतार असेल तर वरचं कव्हर खालच्यावर चढवा, कौलासारखं. आपल्याकडे पावसाळी वारा नैऋत्येकडून, त्या बाजूला ओव्हरलॅपचं तोंड ठेवू नका. तापमानाने पत्रा लांबतो. ४० मीटर पोलादाला ४० अंश फरकाला १९ मिमी फरक पडतो, म्हणून प्रत्येक जोडात २ मिमी मोकळे सोडा आणि ट्रेला मध्ये एक एक्स्पान्शन जोड द्या. ट्रेचे बोल्ट कप-स्क्वेअर, डोकं आतून, नट बाहेर. उलटं बसवलं तर नट केबलला घासतो.

भिंतीच्या बाबतीत कव्हर आणि ट्रेसुद्धा भिंतीत घुसवू नका. दोन्ही बाजूंना ट्रे १०० मिमी अलीकडे थांबवा, केबल फक्त छिद्रातून जाऊ द्या आणि भोवती फायर सील मॉर्टर किंवा फायर पिलो भरा. पिलो असेल तर नंतर केबल घालता येते. साधा फोम भरू नका, तो जळतो. प्रेसहॉल आणि गठाणींच्या गोदामाकडे जाणाऱ्या छिद्राला हे सर्वांत आधी करा.

अर्थिंगसाठी ट्रेच्या बाजूने २५ × ३ मिमी जीआय पट्टी सलग ओढा आणि प्रत्येक ट्रेला बोल्टने जोडा. कव्हर अर्थिंगचा रस्ता धरू नका, ते काढायचंच असतं.

पॅनलशॉप_जळगाव_एमआयडीसी

डब्यासाठी सीआरसीए (कोल्ड रोल्ड पोलादी) पत्रा बॉडीला १.६ मिमी, दार आणि माउंटिंग प्लेट २ मिमी, ग्लँड प्लेट (जिच्यातून केबल आत येते ती) ३ मिमी. रंग आरएएल ७०३५ (फिकट राखाडी), पावडर कोटिंग ६० ते ८० मायक्रॉन. खोलीत असल्यामुळे आयपी ५४ पुरेसा, पंख्याच्या फिल्टरसकट तेवढ्याला टेस्ट केलेला. बाहेर लागणारा कोणताही जंक्शन बॉक्स मात्र आयपी ६५, वर १५० मिमी पुढे येणाऱ्या छपरासह, आणि पश्चिमेच्या भिंतीवर लावायचा टाळा. गॅस्केट पीयू फोमचं, एका सलग ओतलेलं. कोपऱ्यात तुकडे जोडलेलं नको, त्या कोपऱ्यातूनच पाणी येतं.

बसवताना मागच्या पत्र्याला आतून भोकं पाडू नका, बाहेरून माउंटिंग ब्रॅकेट लावा. जमिनीपासून ३०० ते ४५० मिमी उंच. सर्व केबल खालून. वरून आणली तर पाणी केबलवरून ओघळत आत जातं, आणि खालूनसुद्धा ग्लँडच्या आधी एक वळसा खाली द्या म्हणजे थेंब तिथून गळतो. आर्मर्ड केबलला डबल कॉम्प्रेशन ग्लँड (केबल प्लेटमध्ये घट्ट धरून सील करणारा तुकडा). सिंगल कॉम्प्रेशनमध्ये बाहेरचं आवरण सील होत नाही. साइज कॅटलॉग बघून ठरवू नका, हातातल्या केबलचा बाहेरचा आणि आतला व्यास व्हर्नियरने मोजा. सिंगल कोर केबल असतील तर ग्लँड प्लेट ॲल्युमिनियमची, लोखंडी प्लेट तिच्यात तयार होणाऱ्या एडी (भोवरी) करंटमुळे गरम होते. रिकामी भोकं धातूच्या प्लगने बंद, टेप लावून नाही. दाराला तांब्याची लवचीक अर्थ वेणी, आणि रंग खरवडून स्टार वॉशर.

भोकं पाडताना आतल्या कॉन्टॅक्टरवर कापड टाका आणि नंतर व्हॅक्यूमने काढा. पत्र्याचा बारीक चुरा नंतर शॉर्ट करतो.

व्हीएफडीपासून मोटरपर्यंतच्या केबलला २५ मीटरवर चोकची (व्होल्टेजचे झटके कमी करणारी कॉइल) गरज पडू नये, तरी मॅन्युअलमधली लांबीची मर्यादा वाचा. तिला आर्मर असेल तर दोन्ही टोकांना अर्थ करा आणि कंट्रोल केबलपासून ३०० मिमी दूर, नाहीतर वेगळ्या ट्रेवर.

भुसावळ_मेंटेनन्स

जून ते ऑक्टोबर पॅनल बंद असतो, तेव्हाच त्याचं जास्त नुकसान होतं. बंद डबा रात्री थंड झाला की ओलसर हवा आत ओढतो आणि आत पाणी जमतं. ४० ते ६० वॅटचा स्पेस हीटर थर्मोस्टॅटवर ठेवा, आणि त्याची लाइन मेन ब्रेकरच्या आधीपासून वेगळ्या एमसीबीने द्या. मेन बंद केल्यावर हीटरही बंद होणं ही नेहमीची चूक. ही लाइन मेन बंद असतानाही जिवंत असते, म्हणून दारावर लाल पाटी लावा आणि कामाला हात घालण्याआधी टेस्टरने नव्हे तर मीटरने तपासा.

पाली बसबारवर आल्या की फ्लॅशओव्हर होतो. ट्रेंचमधून येणारी केबल आणि ग्लँड प्लेटच्या फटी सीलंटने बंद, खोलीच्या खिडकीला बारीक जाळी, दाराखाली पट्टी. बसबारला हीट-श्रिंक स्लीव्ह आणि वर पॉलिकार्बोनेट शीट.

गॅस्केटची तपासणी सोपी आहे. कागदाची पट्टी दारात धरून बंद करा आणि ओढा. चारही बाजूंनी ताण लागला पाहिजे. एखाद्या बाजूने सहज निघाली तर बिजागरी किंवा कुलूप नीट करा, गॅस्केटवर सिलिकॉन भरू नका. दारावर खडू लावून बंद केला तरी गॅस्केटवर ठसा सलग उमटतो का ते दिसतं.

डबा दुकानातून आला की मापन मशिनने रंगाची जाडी पाचेक जागी बघा, कोपऱ्यात कमी भरते. कव्हरचे तुकडे ट्रेवर ठेवण्याआधी काठाची बुर (कापताना उरलेली धार) घासून घ्या.

हंगामाआधी ट्रेवरचे सर्व जॉइंट टॉर्कने घट्ट करा, केबलचा मेगर घ्या, आणि हंगाम चालू असताना लोडवर असलेल्या टर्मिनलचं थर्मल कॅमेऱ्याने महिन्यातून एकदा फोटो काढा. त्याच लोडवरच्या शेजारच्या फेजपेक्षा १५ अंशांहून जास्त दिसला तर लाइन बंद करून तो लग (केबलच्या टोकाचा जोड) लगेच उघडा.